थोडं सरकता का?

लोकलच्या सेकंड क्लासमधलं बाकडं तिघांचं असतं. रेल्वेच्या हिशेबात तिघांचंच. समोरासमोर दोन बाकडी, सहा माणसं, मधे गुडघ्याला गुडघा लागेल न लागेल एवढी जागा. संध्याकाळी दादर सोडलेल्या कल्याण गाडीत हीच चौकट मोजून पाहा. बसलेले आठ भरतील आणि मधल्या जागेत आणखी तीन-चार जण वरच्या कड्या धरून उभे असतील. पूर्वीच्या नऊ डब्यांच्या गाडीची क्षमता सुमारे १,७०० प्रवाशांची धरलेली होती आणि गर्दीच्या वेळी तिच्यात ४,५०० हून जास्त माणसं असत. या दाटीला रेल्वेच्या भाषेत 'सुपर डेन्स क्रश लोड' म्हणतात. एका चौरस मीटरमध्ये उभी असलेली १४ ते १६ माणसं, असा त्याचा अर्थ. एक मीटर लांब, एक मीटर रुंद सतरंजीचा तुकडा डोळ्यांसमोर आणा आणि त्यावर पंधरा जण उभे करून बघा.

इतक्या जवळून आपण परक्या माणसाला एरवी कधीच भेटत नाही. त्याच्या शर्टाला आलेला घामाचा वास, त्याच्या फोनवर आलेला बायकोचा मेसेज, त्याच्या डब्यातल्या लसणाच्या चटणीचा दरवळ, सगळं आपल्यापर्यंत पोचतं. भांडणं होतात, नाही असं नाही. पण एवढ्या दाटीत जितकी व्हायला हवीत त्या मानाने ती फार थोडी होतात. या गोष्टीला लोक 'मुंबईचं स्पिरिट' म्हणून मोकळे होतात. मला तो शब्द पटत नाही, कारण त्याने त्यामागचं कसब झाकलं जातं. लोकलमध्ये जे चालतं ते बोलीवर चालतं. बोली म्हणजे भाषा आणि बोली म्हणजे आधी ठरवून घेतलेली अटही. मराठीत दोन्हींना एकच शब्द आहे आणि लोकलच्या डब्यात या दोन्ही गोष्टी खरोखरच एक होतात. दोन शब्द बोलायचे आणि त्या दोन शब्दांत करार करायचा.

चौथ्या सीटपासूनच बघा. ती कुठे लिहिलेली नाही, बाकड्यावर तिची खूण नाही, तरी ती मागण्याचा हक्क सगळ्यांना मान्य आहे. मागणारा फार बोलत नाही. "थोडं सरकता का?" किंवा नुसतं "जरा..." एवढं म्हणून हाताने आत सरकण्याची खूण. बसलेल्यांनी मग करायचं ते असं: खिडकीतल्याने खांदा भिंतीला लावायचा, दुसऱ्याने मागे टेकायचं, तिसऱ्याने थोडं पुढे झुकायचं. खांदे एका ओळीत राहिले तर चौथा मावत नाही, मागे-पुढे झाले की मावतो. चौथ्याला मिळते ती अर्धी मांडी टेकण्यापुरती जागा. त्याचा एक पाय बाकड्यांच्या मधे, दुसरा जायच्या-यायच्या वाटेत, आणि निम्मा भार त्या वाटेतल्या पायावरच. बॅग मांडीवर घ्यायची, बाजूला ठेवायची नाही. पुढे कोणी उतरलं की तो आत सरकतो आणि चौथी सीट पुन्हा मोकळी होते. तिघांपैकी एखादा अंगाने मोठा असेल तर मागणाराच ते ओळखतो आणि पुढच्या बाकड्याकडे वळतो. लहान मूल घेऊन बसलेल्या बाईच्या बाकड्यावर चौथी सीट मागत नाहीत. फर्स्ट क्लासात सहसा ती मागितलीच जात नाही. तिकिटाच्या फरकात गादीइतकीच ही मोकळीकही मोजलेली असते.

याहून नाजूक बोली सीट सुटण्याची. गाडीत शिरल्यावर उभ्या माणसाने बसलेल्याला विचारायचं, "कुठे?" किंवा "किधर?" सोबत हनुवटी किंचित वर. बसलेला म्हणतो, "ठाणा." विचारणारा मान डोलावतो आणि त्या क्षणापासून ती जागा ठाण्यापासून पुढे त्याची. ती 'बोललेली' झाली. दुसरा कोणी येऊन विचारू लागला तर बसलेल्याने सांगायचं, "बोललीये," आणि डोळ्यांनी ज्याला शब्द दिला तो दाखवायचा. महिलांच्या डब्यात ही साखळी तीन-चार जणींपर्यंत जाते. ठाण्याला उठणारीच्या जागी बसणारी डोंबिवलीला उतरणार, म्हणून तिची पुढची जागा आत्ताच तिसरीने बोलून ठेवलेली. कागद नाही, टोकन नाही. कोणाची कोणती जागा हे त्या चौकटीतल्या दहा-बाराजणींच्या ध्यानात असतं आणि बहुतेक वेळा बरोबर असतं.

चुकतं ते ठरावीक ठिकाणी. पहिली चूक म्हणजे उठताना ज्याला शब्द दिला त्याला न शोधता उठणं. रीत अशी की आधी नजरेने त्याला गाठायचं, तो जवळ येईपर्यंत सीटसमोर पाठ करून उभं राहायचं आणि मगच दाराकडे निघायचं. ही पाच सेकंदं चुकवली की मधलाच कोणी बसतो आणि पुढचा अर्धा तास तणातणीत जातो. दुसरी चूक खिडकीबद्दलची. खिडकीतला उठल्यावर बाकीच्यांनी आत सरकायचं आणि नव्याने कडेला बसायचं, की बोलणाऱ्याला खिडकीच मिळायची? जनरल डब्यात बहुधा सरकतात. महिलांच्या डब्यात बरेचदा जिने जी सीट बोलली तिला तीच मिळते. डबा बदलला की रीत बदलते आणि नवखा माणूस इथे अडकतो. म्हणून बोलतानाच "विंडो ना?" असं विचारून घेणं शहाणपणाचं. तिसरी गोष्ट मात्र चूक नव्हे, अपराधच. घाटकोपर सांगून ठाण्यापर्यंत बसून राहणं. असा माणूस त्या डब्यात लक्षात राहतो.

खिडकीचीही एक माहिती असते. पश्चिम रेल्वेवर सकाळी चर्चगेटकडे येताना गाडी दक्षिणेकडे तोंड करून धावते, म्हणून पूर्वेचं ऊन डावीकडून येतं. संध्याकाळी परतताना तोंड उत्तरेला, सूर्य पश्चिमेला, म्हणजे ऊन पुन्हा डावीकडूनच. रोजचे प्रवासी त्यामुळे दोन्ही वेळा उजवीकडे वळतात, आणि त्यातही गाडीच्या दिशेने तोंड असलेली, वारा अंगावर घेणारी खिडकी आधी जाते. मार्च-एप्रिलमध्ये कोणी आपली हवेची खिडकी गरोदर बाईला देऊन समोरच्या बिनवाऱ्याच्या जागी बसतं, तेव्हा त्याने नेमकं काय दिलं हे फक्त लोकलवाल्यालाच कळतं.

दाराजवळची बोली याहून तोकडी असते, कारण तिथे वेळ नाही. गाडी स्टेशनात थांबते ती जेमतेम वीस-तीस सेकंद. तेवढ्यात एकेका दारातून पन्नास माणसं उतरायची आणि तितकीच चढायची. कल्याणहून येणाऱ्या फास्ट गाडीत दादरला उतरणाऱ्याची तयारी घाटकोपर सुटल्यावर सुरू होते. आधी वरच्या फळीवरची बॅग उतरवायची. पाठीवरची सॅक छातीवर घ्यायची, कारण पाठीवर ती मागच्याच्या पोटात रुतते आणि उतरताना तिचा पट्टा अडकला तर माणूस ओढला जातो. कानातली वायर असेल तर आत कोंबायची. मग पुढच्याच्या खांद्याला बोट लावून एकच शब्द: "दादर?" तो "हो" म्हणाला तर त्याच्या मागे थांबायचं. "नाही" म्हणाला तर दोघांनी जागा बदलायची. अंग चोरून, एकमेकांकडे पाठ करून, गोल वळत. असा प्रश्न दहा जणांनी पुढे सरकवला की कुर्ला जाईपर्यंत उतरणाऱ्यांची रांग आपोआप लागलेली असते. रांगेत मधे न उतरणारा राहिला तर त्याची दया येते. लोंढा त्याला फलाटावर नेऊन टाकतो. अशा वेळी शहाणा माणूस विरोध करत नाही. दाराच्या मधल्या खांबाला धरून तो खाली उतरतो, दाराच्या कडेला सरकतो आणि लोंढा ओसरताच पहिला आत चढतो. "मला पुढे जायचंय" असं ओरडला तर आतलं कोणीतरी हात पुढे करतंच.

नवख्याचा आणखी एक प्रश्न असतो, "कुठल्या बाजूला येतं?" स्टेशन डावीकडे की उजवीकडे, हे स्लो आणि फास्टला वेगळं असू शकतं. याला उत्तर द्यायचं ते नुसतं "उजवीकडे" असं नव्हे, कारण उलटं तोंड करून बसलेल्याची उजवी बाजू वेगळी. हाताने दार दाखवायचं. दादरला मध्य रेल्वेच्या फलाटांचे क्रमांक डिसेंबर २०२३ मध्ये बदलून ८ ते १४ असे सलग केले. आधी मध्य आणि पश्चिम दोन्हीकडे एक नंबर, दोन नंबर होते आणि "दादर, एक नंबर" असं ऐकून चुकीच्या पुलावर गेलेले लोक थोडे नव्हते. तरी जुन्या प्रवाशांच्या तोंडी अजून जुनेच आकडे येतात, म्हणून विचारणाऱ्याने "सेंट्रलचा ना?" एवढी खात्री करून घ्यावी.

दारातलं सगळ्यांत कडू भांडण अंतराचं आहे. संध्याकाळच्या विरार फास्टमध्ये बोरिवलीला उतरायला चढलेल्या माणसाला दारातले लोक उतरू देत नाहीत, हे खरं आहे आणि ते वाईट आहे. पण त्यामागचं गणित समजून घ्यायला हवं. बोरिवलीला जाणाऱ्यासाठी काही मिनिटांत दुसरी गाडी असते, विरारला जाणाऱ्याला तेवढ्या नसतात. मध्य रेल्वेवर कसारा आणि कर्जतच्या गाड्या त्याहूनही मोजक्या. ठाण्याचा माणूस कसारा फास्टमध्ये शिरला म्हणजे खर्डी-आटगावच्या माणसाची जागा गेली, असा तो राग असतो. म्हणून जवळ जाणाऱ्याने जवळचीच गाडी पकडावी. तिचा वेळ दहा मिनिटं जास्त असेल, पण उतरण्याची खात्री असते. आणि दूरवाल्यांनी, कोणी चुकून चढलंच तर त्याला अडवू नये. दारातली जबरदस्ती जिवावर बेतू शकते. ९ जून २०२५ ला दिवा आणि मुंब्रा यांच्या दरम्यानच्या वळणावर समोरासमोरून जाणाऱ्या दोन गाड्यांच्या दारांत लटकलेले प्रवासी एकमेकांवर घासून खाली पडले आणि त्यांतल्या काहींचे बळी गेले. लटकणाऱ्याला आत ओढून घेणारा हात मोलाचा आहे, पण खरा उपाय त्याच्याही आत, मधल्या वाटेत असतो. दारात लोंबकळणारे पाच जण असताना आत बाकड्यांच्या मधे दोन-तीन माणसांची जागा मोकळी असते, कारण तिथे शिरलं की बाहेर पडायची भीती वाटते. "आत चला, आत चला" ही हाक म्हणूनच चिडून नव्हे, सतत आणि शांतपणे देत राहावी लागते. दारात उभ्याने हातात फोन धरू नये. रुळांकडेला किंवा खांबावर टपून बसलेले चोर काठीचा फटका मारून फोन पाडतात, आणि फोन वाचवायला झुकलेला माणूसही पडतो. "भाऊ, फोन आत घ्या" असं कोणी म्हटलं तर राग मानू नये.

गर्दीतल्या वस्तूंचा प्रवासही बघण्यासारखा. फळी दूर आहे, हात पोचत नाही, मग बॅग नुसती वर करायची. ती चार परक्या हातांतून जाते आणि फळीवर बसते. उतरताना "ती निळी, चेनवाली" एवढं सांगितलं की तशीच परत येते. लॅपटॉप असेल तर देतानाच "लॅपटॉप आहे" म्हणावं. पुढचे हात आपोआप जपून धरतात. छत्री ओली असेल तर फळीवर ठेवू नये, खालच्याच्या मानेवर थेंब पडतात. महिलांच्या डब्यात कानातल्यांचे, क्लिपांचे पुठ्ठे घेऊन फिरणाऱ्या विक्रेत्या एक पुठ्ठा या टोकाला देऊन त्या टोकाला निघून जातात. तो हातोहात फिरतो, बायका निवडतात, पैसे उलट्या वाटेने पाच-सहा हातांतून येतात, सुट्टे परत जातात. या मधल्या कोणाचा त्या व्यवहाराशी काही संबंध नसतो, तरी पैसे हरवत नाहीत.

मग नाती. परक्याला हाक कशी मारायची हे लोकलमध्ये दोन सेकंदांत ठरवावं लागतं आणि ते चुकलं की पुढचं वाक्य वाया जातं. तरण्याला दादा किंवा भाऊ, केस पांढरे झालेल्याला काका, विक्रेतीला मावशी. हिंदी बोलणाऱ्याला भाईसाब, आणि वय-भाषा काहीच कळत नसेल तर बॉस. खरी पंचाईत पस्तीस ते पन्नासमधल्या बाईची. 'काकू' म्हटलं तर तिच्या कपाळावर आठी येऊ शकते. अशा वेळी 'ताई' म्हणणं कधीच चुकत नाही, पासष्टीच्या बाईलाही ते चालतं. मराठीतलं 'अहो' याहून सोपं आहे. त्यात नातं लागत नाही आणि मानही राहतो. हे शब्द पोकळ वाटतील, पण "ओ मॅडम, बॅग काढा" आणि "ताई, जरा बॅग घेता का मांडीवर?" यांच्या परिणामात एका सीटचा फरक पडतो.

मुंबईत विजेवरची पहिली गाडी ३ फेब्रुवारी १९२५ ला व्हिक्टोरिया टर्मिनसवरून कुर्ल्याकडे धावली. शंभर वर्षांत डबे बदलले, नऊचे बारा, काहींचे पंधरा झाले, वीजदाब बदलला, पण हे संकेत कोणी छापले नाहीत. ते शिकवतात ते रोजचे लोक, आणि त्यांतही ग्रुपवाले. आठ बाराची गाडी, मागून तिसरा डबा, दुसरं दार, असा त्यांचा पत्ता असतो. या ओळखीत नाव सगळ्यांत शेवटी येतं. आधी स्टेशन: मुलुंडवाले काका, आंबिवलीची ताई. चार दिवस दिसले नाहीत की चौकशी सुरू होते, आणि मग लक्षात येतं की कोणाकडे त्यांचा फोन नंबरच नाही. खंडेनवमीला, म्हणजे दसऱ्याच्या आदल्या दिवशी, हेच लोक डब्याला झेंडूची तोरणं बांधतात, पूजा करतात, पेढे वाटतात. त्या दिवशी पहिल्यांदाच डब्यात चढलेल्यालाही पेढा मिळतो. भजनी मंडळाच्या डब्यात टाळ निघतात, डब्याच्या पत्र्यावर ठेका धरला जातो. महिलांच्या डब्यात परतीच्या वाटेवर मटार सोलले जातात, मेथी निवडली जाते, संक्रांतीत हळदीकुंकू होतं. समोर बसलेल्या अनोळखी मुलीच्या पुढ्यात न विचारता अर्धी जुडी येते आणि तीही निवडू लागते. चर्चगेट ते बोरिवली अशी खास महिलांची गाडी ५ मे १९९२ ला सुरू झाली. ती संबंध गाडी म्हणजे असे बारा घरोबे.

ग्रुपची दुसरी बाजूही मांडायला हवी. सुरुवातीच्या स्टेशनात एकाने चढून सहा सीटवर रुमाल, पेपर, पत्त्यांचा कॅट टाकायचा आणि पुढच्या स्टेशनांत चढणाऱ्या मित्रांसाठी जागा अडवायची, हे नियमाला धरून नाही आणि बोलीलाही धरून नाही. सीट बोलायला बसलेला माणूस समोर लागतो, रुमालाशी बोली होत नाही. विचारावं, "इथे कोणी आहे?" "येणार आहेत" असं उत्तर आलं तर "ते येईपर्यंत बसतो" म्हणून बसावं. बहुतेक वेळा यावर वाद वाढत नाही, कारण बाकीचा डबा बसणाऱ्याच्या बाजूचा असतो. चांगल्या ग्रुपांत वेगळी रीत आहे: कर्जत-बदलापूरहून बसून आलेल्याने अर्ध्या वाटेत उठायचं आणि मधल्या स्टेशनांत चढलेल्याला बसवायचं. अर्धा वेळ तू, अर्धा वेळ मी. ही रीत ग्रुपच्या बाहेरच्या माणसालाही लावली तर डब्याचं रूपच पालटतं, आणि काही डब्यांत ती लावतातही.

चक्कर येण्याचा प्रसंग रोज कुठल्या ना कुठल्या डब्यात घडतो. उपाशीपोटी निघणं, उकाडा आणि तासभर उभं राहणं, ही तीन कारणं एकत्र आली की माणूस खाली बसतो. अशा वेळी आसपासच्यांनी करायचं ते थोडकंच. हवा सोडायची, म्हणजे भोवतीच्या दोन रांगांनी मागे दाबायचं. खिडकीतल्याने न सांगता उठायचं. माणूस आडवा होऊ शकत असेल तर बाकड्यावर आडवं करून पाय थोडे वर घ्यायचे. शुद्धीवर असेल तरच पाणी किंवा गोळी-चॉकलेट द्यायचं, बेशुद्ध माणसाच्या तोंडात काहीही घालायचं नाही. दोन स्टेशनांच्या मधे साखळी ओढण्याचा मोह आवरायचा, कारण तिथे गाडी थांबली तर मदत पोचायला उशीरच होतो. पुढच्या स्टेशनात गाडी शिरताना दारातल्यांनी फलाटावरच्या पोलिसाला किंवा हमालाला ओरडून सांगायचं आणि दोघांनी सोबत उतरायचं. हे दोघे कोण, हा प्रश्न तिथे पडत नाही. ज्यांचे हात आधी लागले ते उतरतात, कामावर उशिरा पोचतात, लेटमार्क घेतात. १३९ हा रेल्वेचा आणि १५१२ हा मुंबईतल्या रेल्वे पोलिसांचा नंबर फोनमध्ये असू द्यावा.

अंध प्रवासी फलाटावर दिसला तर त्याचा हात धरून ओढू नये. "कुठल्या डब्यात?" असं विचारून आपलं कोपर पुढे करावं. तो ते धरतो आणि अर्धं पाऊल मागे राहून चालतो, म्हणजे पायरी, फट, उतार हे त्याला आपल्या अंगाच्या हालचालीतून कळतं. गाडीचा दरवाजा आला की त्याचा हात खांबावर नेऊन ठेवावा. बाकीचं त्याला आपल्यापेक्षा चांगलं येतं.

२६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि गाड्या जागच्या जागी उभ्या राहिल्या. लोकांनी डब्यांत रात्र काढली, रुळांवरून चालत घरं गाठली. कमरेएवढ्या पाण्यातून अनोळखी माणसांनी हाताला हात धरून साखळ्या केल्या, वाटेतल्या वस्त्यांनी चहा-बिस्किटं वाटली. पुढच्याच वर्षी ११ जुलैला पश्चिम रेल्वेच्या गाड्यांत अकरा मिनिटांत सात स्फोट झाले, तेव्हा रुळांलगतच्या झोपड्यांतले लोक चादरी घेऊन धावले आणि त्यांतून जखमींना उचलून नेलं. या दिवसांबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे. मला त्यात एवढंच दिसतं की ते हात आदल्या दिवशीपर्यंत बॅगा पुढे देत होते. सवय होती.

२०२० च्या मार्चमध्ये लोकल बंद झाली. १५ जूनला अत्यावश्यक सेवेतल्यांसाठी सुरू झाली आणि सर्वांना, तेही ठरावीक वेळांत, परवानगी मिळाली ती १ फेब्रुवारी २०२१ ला. मधल्या काळात एकाआड एक सीटवर फुली होती. चौथी सीट तर सोडाच, दुसरीही नव्हती. बोली सुटेल असं तेव्हा वाटायचं. फुल्या पुसल्या गेल्या आणि काही आठवड्यांत मास्कमागून पुन्हा तोच आवाज आला: "थोडं सरकता का?"

मेट्रोत मात्र ही बोली येत नाही, आणि कारण माणसं नव्हेत, बाकडी आहेत. जमिनीखालून धावणारी मेट्रो आपल्याकडे आली ती ऑक्टोबर २०२४ मध्ये, आरे ते बीकेसी, म्हणजे वांद्रे-कुर्ला संकुल. वर्षभरात ती कफ परेडपर्यंत पोचली, ३३.५ किलोमीटर, २७ स्टेशनं. तिच्यात सीट भिंतीला लागून लांबट, तोंडं मधल्या वाटेकडे. समोरचा मधल्या वाटेपलीकडे आणि मधे उभी माणसं. गुडघे भिडत नाहीत, म्हणून बोलणं सुरू होत नाही. जागा स्वच्छ, गार, सुरक्षित आहे आणि त्याचं मोल दारात लटकून प्रवास केलेल्याला कळतं. पण "कुठे?" असं तिथे विचारून बघा, समोरचा दचकतो.

एसी लोकलचं वेगळं आहे. २५ डिसेंबर २०१७ पासून ती धावते आहे आणि तिच्यात एक नवी बोली तयार झाली. दारं पूर्ण बंद झाल्याशिवाय ती गाडी हलत नाही. एकाच्या सॅकचा कोपरा दारात राहिला तरी बारा डबे खोळंबतात. मग आतला कोणीतरी त्या माणसाच्या कमरेत हात घालून त्याला आत घेतो, तिसरा त्याची बॅग डोक्यावरून उचलतो, चौथा श्वास सोडून पोट आत घेतो, आणि दार लागतं. ज्याला ओढलं त्याने मागे वळून बघितलेलंही नसतं.

रात्रीची शेवटची कसारा गाडी या सगळ्याहून शांत. महिलांच्या डब्यात पोलीस बसलेला असतो, पंख्यांचा आवाज पहिल्यांदाच ऐकू येतो. हॉटेलांतले, हॉस्पिटलांतले, छापखान्यांतले दमलेले लोक बसायला मिळाल्याबरोबर झोपतात. इथे झोपणं धोक्याचं आहे. कल्याण निघून गेलं तर शहाड, आंबिवली, टिटवाळा, खडवली, वासिंद, आसनगाव असं अंधारात पुढे पुढे जावं लागतं आणि परतीची गाडी पहाटेपर्यंत नसते. म्हणून झोपण्याआधी माणूस समोरच्याला सांगतो, "कल्याण आलं की उठवाल का?" समोरचा आधी मनातल्या मनात आपलं स्टेशन तपासतो. त्याला ठाण्यालाच उतरायचं असेल तर तो तसं सांगून हात झटकत नाही. "झोपा तुम्ही," म्हणतो. मुलुंड गेलं की उठतो, पलीकडच्या बाकड्यावर जाग्या असलेल्या माणसाजवळ जातो, झोपलेल्याकडे बोट दाखवतो आणि हलक्या आवाजात सांगतो, "ते काका कल्याणचे आहेत." तो मान डोलावतो, आपली पिशवी उचलतो आणि काकांच्या समोरच्या सीटवर येऊन बसतो.